हरलेल्यानं आधी लिहायचं

मागच्या पानावर सांगितलं होतं, सहलीला निघताना छत्री घ्या. विसरलात ना? तुम्हाला मागचा सरपंच आठवत नाही, छत्री कुठली आठवणार! मी सांगते, माझी सून मेधा इंटरनेटवर लिहिते. मला अक्षर येत नाही, पण आठवण शाबूत आहे.

शनिवारी इथल्या, अमेरिकेतल्या मेधाच्या घरून, हर्नडनहून निघालो. रूट २९ नं अडीच तासांत शार्लट्सव्हिल. तिथं टेकडीवर अमेरिकेच्या तिसऱ्या अध्यक्षाचं घर आहे. तिकीट खाली काढायचं, वर बस नेते. तिकीट स्वस्त नाही. सकाळीच जा, दुपारी रांग लागते. जेवण बरोबर न्या. आम्ही झाडाखाली दशम्या-ठेचा खाल्ला. तेवढ्यात पाऊस आला. मेधानं छत्री पुढं केली. मी घेतली नाही. का, ते कळेल.

घर दाखवणारी बाई बोलायची, मेधा मराठीत सांगायची.

मी विचारलं, "ह्याचं चिन्ह काय होतं?"

"चिन्ह नव्हतं, आई. निवडून देणारे मोजकेच, ते नावं लिहायचे."

"म्हणजे माझी पंचाईतच."

"आज्जी, विमेन कुडन्ट व्होट एनीवे," नात सई म्हणाली. घर बांधणाऱ्या गुलामांनाही मत नव्हतं म्हणे.

पहिला अध्यक्ष बिनविरोध. मग दुसरा आणि हा तिसरा, दोस्त असून समोरासमोर उभे राहिले. दुसरा जिंकला. नियम असा, की हरलेला उपाध्यक्ष. पडलेल्यानं उपसरपंच होऊन शेजारी बसायचं! चार वर्षांनी हा जिंकला, तर तो दुसरा शपथेच्या दिवशी पहाटेच निघून गेला.

सगळे हसले, मी नाही. आमच्या पंचायतीत बायकांची जागा निघाली, तेव्हा माझं चिन्ह कपबशी आणि थोरल्या जाऊबाईंचं, आक्कांचं, छत्री. मी अकरा मतांनी पडले. गुलाल उधळायच्या आत मागच्या दारानं माहेरी गेले. तेव्हापासून अबोला.

मी विचारलं, "ते दोघं पुन्हा बोललेच नाहीत?"

"बरीच वर्षं नाही. मग पत्रं सुरू झाली, ती मरेपर्यंत."

"आधी कुणी लिहिलं? विचार तिला."

मेधानं विचारलं. "हरलेल्यानं, आई."

"वाटलंच. जिंकलेल्याला काय गरज!"

उतरताना मी छत्री मागून घेतली. मेधानं लगेच उघडून दिली, शहाणी आहे.

घरी येऊन चार दिवस झाले. टेकडीवरच्या खोल्या विसरले, ती पत्रं तेवढी राहिली. तर आक्का, हे पान छापून पाठवतेय, तुमची सून वाचून दाखवेल. पुढच्या महिन्यात मेधाचा भाऊ इकडे येतोय. त्याच्याबरोबर तुमच्या हातच्या कुरडया पाठवा, पत्र्याच्या डब्यात, मोडू देऊ नका. पापड नकोत. ते मला तुमच्यापेक्षा बरे जमतात.