इकडचा फर्मा तिकडे

वाचनालयाच्या मागच्या खोलीत बसून फाटकी पुस्तकं पुन्हा शिवणाऱ्या बाईंना सगळे डिंकताई म्हणत. नाव पडलं ते बोटांवर कायम वाळलेल्या डिंकामुळे, पण स्वभावालाही ते चपखल बसायचं. ज्या खुर्चीवर बसल्या, तिला त्या चिकटल्या. लांब कुठे जायची वेळ आली की त्यांना नेमकी सर्दी व्हायची, आणि विमानाचं नाव काढलं की ताप.

हे सगळं हसण्यावारी गेलं असतं, पण त्यांची धाकटी बहीण समुद्रापलीकडे राहत होती. आई लवकर गेली, तेव्हा धाकटीला वाढवलं ते डिंकताईंनीच. पुढे तिचं लग्न तिकडेच ठरलं. डिंकताई निघाल्या, विमानतळावर सामान देऊन झालं, आणि विमानात चढायच्या शेवटच्या दारातून त्या माघारी फिरल्या. पायच उचलेनात. धाकटीने ताईविना लग्न केलं, संध्याकाळी फोन केला आणि विचारलं, "ताई, तुझी सर्दी कशी आहे?" बस, एवढंच. त्यानंतर वर्षानुवर्षं तिने त्या दाराबद्दल चकार शब्द काढला नाही. एकदा कडाकडा भांडली असती तर बरं, असं डिंकताईंना वाटत राहिलं.

आता धाकटीचा फोन आला तो वेगळाच.

"ताई, माझ्या खुब्याचं ऑपरेशन ठरलंय. हे कामासाठी बाहेरगावी, घरात मी एकटीच. तू येशील?" आणि लगेच पुढे, "नाही जमलं तर राहू दे हं."

त्या शेवटच्या वाक्याने डिंकताईंच्या काळजाला घरं पडली. "येते," त्या म्हणाल्या, आणि फोन ठेवल्यावर भिंतीला टेकून उभ्या राहिल्या.

यजमान भला माणूस, पण जिभेला हाड नाही. "परत करता येईल असंच तिकीट काढू या," ते म्हणाले. ते डिंकताईंच्या वर्मी लागलं.

दुसऱ्या दिवशी त्यांनी ग्रंथपाल बाईंना गाठलं. "विमानाची भीती घालवायचं काही आहे का हो?" बाईंनी स्वयंविकासाच्या कपाटातून ‘उडायला भिऊ नका’ काढून दिलं. मुखपृष्ठावर टाय लावलेला एक हसरा गृहस्थ, आणि पाठीला डिंकताईंचाच टाका. कधीकाळी त्यांनीच ते शिवलं होतं. शिवलं होतं, वाचलं नव्हतं. हलवायाने मिठाई खावी अशी कुणाची अपेक्षा नसते.

अशी पुस्तकं लिहिणाऱ्यांचा एक गाढ विश्वास असतो, की माणसाची सगळी दुःखं फुप्फुसात राहतात. श्वास घ्या, धरा, सोडा. डिंकताईंनी इमानेइतबारे घेतला, धरला, सोडला. मग वाचलं: ‘आता खुर्चीचे हात सैल सोडा, डोळे मिटा आणि मनाशी ठामपणे म्हणा’. त्यांनी पान उलटलं. ‘असल्या माणसाच्या घरात मी आजपासून एक भांडं घासणार नाही!’

गृहस्थ दिसतो मवाळ, पण औषध जालीम आहे, असं त्यांना आधी वाटलं. पुढे वाचलं तर एक बाई गच्चीवर उभी राहून नवऱ्याला चांगलंच सुनावत होती. टायवाल्याचा पत्ताच नाही. पानांचे आकडे मात्र ओळीने बरोबर. मग त्यांच्या डोक्यात लख्ख उजेड पडला आणि त्यांनी कपाळाला हात लावला. पुस्तक छापतात ते मोठ्या कागदावर, त्याची घडी घालून सोळा पानांचा एक फर्मा होतो, आणि असे फर्मे एकावर एक रचून शिवले की पुस्तक. दोन पुस्तकं एकाच आकाराची, एकाच कागदाची, एकदमच दुरुस्तीला आलेली असणार. एक फर्मा इकडचा तिकडे गेला होता. शिवणारणीला याहून मोठी नामुष्की नाही.

त्या तडक कादंबऱ्यांच्या कपाटाकडे गेल्या. ‘गच्चीवरची बाई’ सापडली. त्यात नायिका नवऱ्यासमोर कंबर कसून उभी राहते, तोंड उघडते आणि म्हणते, ‘दोन्ही तळपाय जमिनीला टेकवा. विमान हलणं हे सामान्य आहे.’

"अहो बाई, कुणी तक्रार नाही केली?" त्यांनी रडवेल्या आवाजात विचारलं.

ग्रंथपाल बाईंनी पानं चाळली आणि टेबलावर डोकं ठेवून हसल्या. "कादंबरीवर आपल्याकडे चर्चा झाली होती, ताई. त्या पानांना सगळ्यांनी नवी शैली म्हटलं."

"आणि हे दुसरं?"

"ते तर कायम बाहेरच असतं. बायका नेतात."

डिंकताई आपल्या खोलीत आल्या, टाके उसवायला पातं उचललं, आणि आधी तो चुकलेला फर्मा तरी वाचून काढू म्हणाल्या. त्यात गच्चीवरची बाई सांगत होती, की लहानपणापासून तिला एकच धडा मिळाला, फार उडू नकोस. आणि पुढे: ‘पडण्याची भीती मला कधीच नव्हती. पडल्यावर "तरी सांगत होते" म्हणणाऱ्या तोंडांची होती.’

पातं हातातच राहिलं. आई गेल्यावर घर सांभाळायला आत्या आली होती. मोठ्याने हसलं की आत्या म्हणे, फार उडू नकोस. सायकल शिकायची म्हटलं, फार उडू नकोस. पुढे शिकायचं म्हटलं, तेव्हाही तेच. धाकटीच्या वाट्याला ते वाक्य येऊ नये म्हणून डिंकताई मध्ये उभ्या राहायच्या आणि सगळं स्वतःच्या अंगावर घ्यायच्या. धाकटी उडाली ती त्यामुळे. त्या मात्र घेतलेलं कधी खाली ठेवायचंच विसरल्या होत्या. इतकी वर्षं त्या विमानाला भीत होत्या, आणि विमान बिचारं यात कुठेच नव्हतं. त्यांनी पातं ठेवून दिलं आणि पुस्तक तसंच पिशवीत टाकलं. परत आल्यावर उसवू.

निघायच्या दिवशी यजमानांनी बॅग उचलून दिली. "सर्दी?"

"नाही."

"बरं झालं. तिकीट परत होणारं नाहीये. मुद्दाम तसलंच काढलं मी."

डिंकताईंनी त्यांच्याकडे पाहिलं. एवढ्या संसारात त्यांना नवऱ्याचा इतका अभिमान कधी वाटला नव्हता.

शेवटचं दार आलं. पाय थबकले. आत्या जाऊन युगं लोटली, पण आवाज तस्सा ताजा. "सांगत होतीस, ऐकलं," डिंकताई मोठ्याने म्हणाल्या. "आता जाते."

दारावरच्या मुलीने विचारलं, "काही म्हणालात का?"

"तुम्हाला नाही. घरातलं बोलणं होतं," असं म्हणून त्या आत गेल्या.

विमान उठलं तेव्हा मात्र त्यांनी खुर्चीचे हात घट्ट आवळलेच, खोटं कशाला बोला! गच्चीवरची बाई दारापर्यंत पोचवून गेली, पुढे टायवालाच कामाला आला. डिंकताईंनी श्वास घेतला, धरला, सोडला, आणि त्याला मनापासून दुवा दिला. उगाच हसले मी बिचाऱ्याला.

ऑपरेशन नीट पार पडलं. घरी आणल्यावर धाकटीला पलंगावर निजवून डिंकताई चहा टाकायला वळल्या, तोच मागे खाट करकरली. धाकटी वॉकरला हात घालत होती. "ताई, तू बस गं. तू पहिल्यांदा आलीयेस माझ्या घरी, चहा मी करणार."

"फार उडू नकोस! गप पडून राहा!"

बोलून गेल्या आणि डिंकताईंनी तोंडावर हात ठेवला. जे वाक्य जन्मभर या पोरीच्या वाटेतून बाजूला केलं, ते आज त्यांच्याच तोंडून निघालं होतं.

धाकटीने क्षणभर पाहिलं आणि टाके दुखेपर्यंत हसली. मग हसता हसता तिचे डोळे भरून आले. "कोण कुणाला सांगतंय!" तिने ताईचा डिंकाने खरखरीत झालेला हात ओढून गालाला लावला. "उडून आलीस ती तू."