नातीची उजवी मूठ

माझा स्वभाव मुळातच उतावळा. नात आठ महिन्यांची झाली, पण खुळखुळा असो की भाताचं शीत, सगळं डाव्या हातानेच धरायची. मला ते बघवेना. आमच्या घरातली मुलगी प्रसादाला डावा हात पुढे करणार? "आत्याबाई, राहू द्या. मोठी झाली की शिकेल," सून म्हणाली. मी ऐकलं नाही. ह्यांच्या जुन्या वेष्टीची, म्हणजे इकडच्या तमिळ धोतराची, मऊ पट्टी फाडून रोज तासभर तिचा डावा हात अंगाशी बांधू लागले. ती रडायची, पण उजवा हात हलवायची नाही. हट्टी आहे, असं मी साऱ्यांना सांगत सुटले. मनाला मात्र चैन नव्हतं.

शुक्रवारी मी आणि सून तिला मारियम्मन देवीच्या देवळात घेऊन गेलो. हात बांधलेलाच होता. रांगेतल्या एका बाईने तमिळमध्ये विचारलं, "पाप्पाला, बाळाला, काय लागलं?" मी कारण सांगितलं. तिने मोगऱ्याचं फूल नातीच्या उजव्या हातात द्यायला पाहिलं. मूठ उघडेना, अंगठा आत दुमडलेला. "अम्मा, डावा सोडा. दुखणं उजव्यात आहे. माझ्या मुलीचं असंच होतं, आम्हाला फार उशिरा कळलं. आजच डॉक्टरांना दाखवा." मला तिचा रागच आला. देवीच्या दारात असं अभद्र बोलावं? पण सून दर्शन न घेताच रांगेतून निघाली. मी तिच्यामागे धावले.

मेंदूचा स्कॅन झाला. जन्माच्या आसपास एका रक्तवाहिनीत गुठळी अडकली होती. एवढ्याशा जिवाला पक्षाघात! "जन्मतः बहुधा काही दिसत नाही," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "पण वर्षाच्या आत बाळ एकच हात वापरू लागलं, तर त्याला डावखुरेपणा समजू नका. यात दोष कुणाचाच नाही." मी तिथेच रडले, सुनेची माफी मागितली. तिने मुलीला उचलून माझ्या मांडीवर ठेवलं.

त्या बाईला नंतर कितीतरी शुक्रवार शोधलं, भेटली नाही. ती कोण होती, याचा काथ्याकूट मी करत नाही. रोज हात जोडताना तिची आठवण येते.

हात पुरता सुधारेल का, हे अजून कुणी सांगू शकत नाही. दवाखान्यात शिकवल्याप्रमाणे मी रोज सकाळी ती मूठ सोडवायला बसते. जोर लावला की अधिकच आवळते. हात नुसता हातात घेऊन थांबलं, की एकेक बोट सैल होतं. जन्मभर मी देवीच्या मागे घाईच लावली. आता काही मागत नाही, थांबते.