‘झालं’ म्हणेपर्यंत

माझे वडील अमरावतीत फोटो काढत. स्टुडिओ एवढासा, पण शिस्त लष्करी. भिंगावरचं झाकण काढायचं, मोठ्यानं एक, दोन, तीन मोजायचं, झाकण बसवायचं आणि म्हणायचं, “झालं.” ते ‘झालं’ कानावर पडेपर्यंत समोरच्यानं पापणीही हलवायची नाही. वर्षातून एकदा ते मूर्तिजापूरकडच्या खेड्यांत तंबू टाकत. त्यामुळे तिकडच्या बायाबापड्यांनाही हा नियम पाठ होता.

माझं काम निगेटिव्हवर पेन्सिल फिरवून लोकांच्या सुरकुत्या घालवण्याचं. मला त्याचा भारी कंटाळा. मला माणसं हलताना पाहायची होती. नाचताना, मारामारी करताना नव्हे, नुसती आपापलं काम करताना.

मामा मुंबईला सिनेमा कंपनीत होता. त्यानं एकदा चावीचा सिनेकॅमेरा आणला आणि एकच रोल, चार मिनिटांचा. म्हणाला, “काही चांगलं काढलंस तर कॅमेरा तुझा. नाही तर परत नेतो.”

“नेशीलच,” बाबा म्हणाले. “हिले पेन्सिल धड धरता येत नाही, अन् सिनेमा काढते.”

मीही त्यांचीच लेक. त्या दिवशी जेवलेच नाही.

मामाला घेऊन मूर्तिजापूरजवळच्या एका शेतात गेले. कापसाची वेचणी चालू होती. बोंडातून कापूस ओढणारे हात, बस, एवढंच मला हवं होतं. पण फोटोवाल्याची पोरगी आली म्हटल्यावर सात बाया काम टाकून घरी पळाल्या. ठेवणीतली लुगडी नेसून आल्या आणि बांधावर रांगेत उभ्या राहिल्या. हात सरळ, नजर समोर.

“अवं, काम करा ना. हाला जरा.”

मधली म्हातारी ओठ न हलवता म्हणाली, “आमाले सारं माईत हाये पोरी. तुह्या बापानंच शिकवलं. तू काढ.”

हात जोडले, रागावले. एकही हलेना. मग माझंच डोकं फिरलं. म्हटलं, राहा उभ्या! चावी दिली, बटण दाबलं. एका चावीत अर्धं मिनिट चाले. संपली की पुन्हा चावी. मुद्दामच ‘झालं’ म्हटलं नाही. शेवटी त्या खो-खो हसल्या, तेव्हा मला वाटलं माझ्यावरच हसल्या. रोल संपला आणि मी बाभळीखाली बसून रडले. कॅमेरा गेलाच म्हणून.

महिन्यानं मामा धुतलेला रोल आणि प्रोजेक्टर घेऊन आला. बायांना दाखवायचं कबूल केलेलं, म्हणून दुपारी त्यांच्याच शाळेत खिडक्यांना घोंगड्या लावल्या, भिंतीवर धोतर ताणलं. बाबाही आले, माझी फजिती बघायला. आधी रोल पाहायची माझी छाती झाली नव्हती.

धोतरावर सात बाया उभ्या राहिल्या. “हा तर फोटोच झाला,” बाबा पुटपुटले आणि सवयीनं मोजू लागले. एक, दोन, तीन. झालं.

पण समोर काही झालं नाही. त्यांना कोणी सांगितलंच नव्हतं ना! त्या उभ्याच. मग एकीचा पदर उडाला. दुसरीनं आवंढा गिळला. तिसरीच्या डोळ्यांतून उन्हानं पाणी आलं, ते तिनं गालावरून वाहू दिलं, पुसलं नाही. म्हातारीच्या नाकावर माशी बसली आणि सगळ्या सुरकुत्या ओलांडत गालावर चालू लागली. काम करताना काढायच्या होत्या ना? दिवसभराच्या वेचणीपेक्षा जास्त कष्ट त्या आत्ता करत होत्या, न हलण्याचे. शेवटी म्हातारीनं ओठ वाकडा करून फू केलं आणि रांगच्या रांग हसत एकमेकींच्या अंगावर कोसळली.

“पुन्हा लाव,” पहिल्या ओळीतून म्हातारी म्हणाली. “ते माशी पाहू दे मले.”

तीनदा लावला. मग मामानं विचारलं, “काय भाऊजी, कॅमेरा नेऊ?”

बाबांनी चष्मा पुसला. “राहू दे इथंच,” म्हणाले. आणि माझ्याकडे न बघता, “तू उद्यापासून ते पेन्सिल ठेवून दे. माणसाच्या सुरकुत्या राहू दे जागच्या जागी.”

आयुष्यात इतका आनंद मला पुन्हा क्वचितच झाला. बाकीच्या बाया घरी जायला उठल्या. म्हातारी मात्र उठेना.

“आता तरी झालं म्हन व पोरी. महिना झाला, उभ्याच आहो आमी.”

मी म्हटलं. बाबांपेक्षा मोठ्यानं.