पांढऱ्यासाठी गुलाबी

२००४ साली लंडनमधल्या हॅरोतल्या एका चर्चच्या हॉलमध्ये आम्ही मंडळाच्या गणपतीचं मखर रंगवत होतो. शेजारच्या खोलीत पेन्शनरांचा लंच क्लब भरायचा. तिथून नव्वदी ओलांडलेल्या एक इंग्रज बाई काठी टेकत आल्या आणि आमचे पांढरेशुभ्र खांब बघून कडाडल्या, "पांढरा? हे कोणी सांगितलं?"

त्यांनी डब्यात लाल रंगाचे चार थेंब टाकले, माझ्या हातातला ब्रश ओढून घेतला आणि पहिला खांब फिका गुलाबी करून टाकला. तरुणपणी त्या नाटकांचे आणि सिनेमांचे सेट करायच्या. जुन्या ब्लॅक अँड व्हाइट फिल्मवर पांढरी भिंत नुसती चकाकायची, म्हणून त्या ती गुलाबी रंगवायच्या. पडद्यावर ती छान पांढरी दिसायची.

"अहो, पण आता कॅमेरे कलर आहेत," मी म्हटलं.

"कॅमेरा बदलला. मी का बदलू?"

"सिनेमात तुमचं नाव यायचं?"

"नाव आमच्या साहेबाचं. भिंती माझ्या. सिनेमा टीव्हीवर लागला की साहेबाच्या नावापुरते डोळे मिटते, भिंती आल्या की उघडते."

अध्यक्ष कुरकुरले, पण खांब गुलाबीच राहिले. पुढच्या आठवड्यात लोकल पेपरात फोटो आला, तोही ब्लॅक अँड व्हाइट. खांब अगदी संगमरवरी! खाली 'सजावट' म्हणून आमच्या अध्यक्षांचं नाव छापलं होतं.

मी पेन काढलं आणि ते खोडलं. वर खरं नाव लिहायला गेलो, तेव्हा लक्षात आलं, बाईंचं नाव मीही विचारलं नव्हतं.