नॉरीननं केक आणायचा

कुर्राबीत फुटबॉलचा सामना असो, लग्न असो की मयत, हॉलची किल्ली आणि चहाचं मोठं भांडं डल्सी हॅनफर्डच्या ताब्यात. बाई जिभेची तिखट. पण गव्हाच्या शेतांत वसलेल्या या एवढ्याशा गावात तिच्या तोडीचं माणूस दुसरं नाही, आणि हे तिच्याशी भांडलेलेही कबूल करतील.

यंदा गावाचं डोकं फिरलं ते एका पुस्तकावरून. नॉरीन केसलची मुलगी बेथनी शहरात असते. तिनं गोष्टींचं पुस्तक काढलं. सगळ्या गोष्टी याच गावच्या, एका गोष्टीतला माणूस दुसरीत हळूच डोकावून जातो. नावं बदलली होती म्हणे! नावं बदलून काय होतंय? मर्व्ह ट्रेलोरचं लंगडणं, पबवाल्या शर्लीचं खिंकाळत हसणं, सगळं जसंच्या तसं. आणि एक गोष्ट डल्सीच्या नवऱ्याची. दुष्काळाच्या वर्षी क्लेमनं मेंढ्यांच्या शेडमध्ये स्वतःला गोळी घातली, त्याची.

लिहिणारी शहरात, मग राग निघाला आईवर. गावात कार्यक्रम म्हटला की घराघरातून खाण्याची एकेक ताटली येते. हंगामातल्या शेवटच्या सामन्यानंतरच्या चहाला मात्र नॉरीनला निरोप गेला, "तू काही आणू नकोस, आहे सगळं." असं इथे फक्त परगावच्या पाहुण्यांना सांगतात. नॉरीन काय समजायचं ते समजली. घर विकून बहिणीकडे जायच्या गोष्टी करू लागली.

डल्सीच्या कानावर हे आलं तशी तिनं फोन उचलला.

"नॉरीन, शनिवारी क्रीमचा स्पंज केक आण."

"मला नको म्हणालेत गं. आणि तुझ्यापुढे कुठल्या तोंडानं येऊ मी?"

"आहे त्याच तोंडानं ये. आणि दुकानातला आणलास तर दारातूनच परत पाठवीन, सांगून ठेवते!"

नॉरीन आली. केक टेबलावर ठेवून भिंतीशी उभी राहिली. सामना जिंकलेला, पोरं भुकेलेली. सॉसेज रोल संपले, खोबऱ्यात घोळलेल्या लॅमिंग्टन वड्यांचा फडशा पडला, अंड्याच्या सँडविचचा चुराही उरला नाही. केकला कोणी शिवेना. आत्ता कोणी हात लावला नाही तर नॉरीन गावात राहत नाही, हे डल्सीला लख्ख दिसत होतं.

शर्ली तिच्या कानाशी लागली. "तुझ्यासाठीच करतोय हो आम्ही. त्या पोरीनं तुझ्या जखमेवर मीठ चोळलंय."

"माझ्यासाठी?" डल्सीनं सुरी उचलली. तिचा आवाज अख्ख्या हॉलला ऐकू गेला. "क्लेम गेला आणि तुम्ही सगळे माझ्याशी इतके चांगले वागलात, इतके चांगले, की त्याचं नाव घेणंच सोडलंत! मी आले की विषय बदलायचा. माझं लग्न झालं होतं की मी स्वप्न पाहिलं, असं वाटायला लागलं मला. तो कुत्र्यांना शीळ कशी घालायचा ते त्या पोरीनं लिहिलंय. लहान होती तेव्हा ती. आमच्या कुंपणावर बसून ऐकायची. ते पान मी रोज वाचते. रोज! ज्याला माझी कीव येते ना, त्यानं मुकाट्यानं केक खायचा."

तिनं एक तुकडा कापला आणि सगळ्यांदेखत तोंडात घातला. क्रीम हनुवटीला लागलं, तिनं पुसलंही नाही.

नॉरीननं तोंडावर हात दाबून धरला होता. मग मर्व्ह लंगडत पुढे आला आणि त्यानं ताटली धरली.

"मोठा दे. आणि शीळ कसली ती, डल्सी? बेसूर! क्लेमनं शीळ घातली की माझी कुत्री खाटेखाली शिरायची."

डल्सी त्याच्याकडे बघत राहिली. मग ती हसली, अगदी पोट धरून हसली, आणि डोळ्यांतून पाणी वाहू लागलं तरी थांबेना. शेवटी तिनं मर्व्हसाठी खुर्ची ओढली.

"बस इथं," ती म्हणाली. "आणखी सांग."