प्रतलाचा तास

आमच्या श्रीरामपूरच्या ज्युनियर कॉलेजात गणिताच्या एक मॅडम आहेत, मूळच्या शेवगावकडच्या. फळ्यासमोर अगदी पुस्तकी बोलतात, स्टाफरूममध्ये मात्र गावाकडचं. कुठलंही उत्तर देण्याआधी क्षणभर थांबतात. गेल्या वर्षी त्यांना अर्धांगवायूचा झटका आला. चालणं-बोलणं सावरलं, पण डावा हात काही वर होईना.

रजा संपवून त्या आल्या त्या दिवशी प्राचार्य मला म्हणाले, "त्यांचे तास आता तुम्ही घ्या. त्यांना ग्रंथालयात बसवू." हे सांगायला मी वर्गाच्या दारापर्यंत गेलो, तर शिकवणं सुरू झालं होतं.

टेबलावर खडू ठेवून त्या म्हणाल्या, "हा आपला बिंदू." मग उजव्या हातानं डावा हात उचलून त्यांनी खडूपाशी आडवा ठेवला. "ही एक दिशा." उजवा हात तिरका ठेवला. "ही दुसरी. पहिल्या सदिशाच्या लॅम्डापट जा, दुसऱ्याच्या म्यूपट. लॅम्डा आणि म्यू या संख्या बदलत राहा, या प्रतलातला प्रत्येक बिंदू सापडेल."

एका मुलीनं विचारलं, "मॅडम, दोन्ही दिशा एकच असल्या तर?"

त्या थांबल्या. "मग नुसती रेषा मिळेल."

मुलांनी ते वहीत उतरवून घेतलं.

घंटा झाली, मुलं गेली. त्या तशाच बसून होत्या, डावा हात टेबलावर. मी मदतीला पुढं झालो.

"ऱ्हाऊ द्या सर जरा," त्या हाताकडं बघत म्हणाल्या. "लई दमलाय तो."

प्राचार्यांचा निरोप मी दिला नाही. समोरच्या बाकावर बसून राहिलो.