कशावरूनबाईंचं खोटं

तिसरीच्या बाईंचं नाव मुलांनी ‘कशावरूनबाई’ ठेवलं होतं. कुणी म्हणालं, “बाई, आमचं मांजर मला ओळखतं,” की बाई हातातला खडू खाली ठेवून विचारायच्या, “कशावरून?” मग तो पोरगा डोकं खाजवत बसायचा आणि सगळा वर्ग मांजरावर तुटून पडायचा. हे नाव कानावर आलं तेव्हा बाईंनी रागावल्यासारखं केलं. घरी जाऊन मात्र नवऱ्याला मोठ्या कौतुकानं सांगितलं.

आठ वर्षांपूर्वी एका मुलीनं भर गणिताच्या तासाला विचारलं होतं, “बाई, काल संपला की तो कुठे जातो?” बाई म्हणाल्या होत्या, “गप्प बस, वजाबाकी कर.” त्या प्रश्नानं मात्र बाईंचा पिच्छा सोडला नाही. मोठ्या माणसांच्या पुस्तकांत याला तत्त्वज्ञान म्हणतात, हे त्यांना फार नंतर कळलं. त्याआधीच त्यांनी शुक्रवारचा शेवटचा तास या असल्या प्रश्नांना देऊन टाकला होता. बाकं भिंतीला सरकवायची, सतरंजीवर गोल करून बसायचं. नियम दोनच. दुसऱ्याचं पुरतं ऐकायचं, आणि ‘बाई म्हणाल्या म्हणून’ हे कारण चालायचं नाही.

त्या वर्षी वर्गात शाळेशेजारच्या शिंपीदादांची मुलगी होती. अंगानं काटकुळी, त्यातून शिंप्याची, म्हणून मुलं तिला ‘सुई’ म्हणत. ती सहसा बोलायची नाही, पण एकदा बोलायला लागली की तिला आवरणं कठीण. खोटं म्हणजे काय, यावर एका शुक्रवारी बराच वेळ खल चालला होता. जे खरं नाही ते सांगणं म्हणजे खोटं, असं सगळ्यांचं ठरत आलं होतं. तेवढ्यात सुई म्हणाली, “खरं सांगून पण खोटं बोलता येतं.”

“कशावरून?”

“आत्यानं विचारलं, डब्यातलं शेवटचं बिस्किट कुठे गेलं? मी म्हणाले, मी बघितलं तेव्हा डबा रिकामा होता. होताच रिकामा. मी खाल्ल्यावर बघितला.”

वर्ग हसून लोळला. बाईही हसल्या. तीस वर्षांच्या नोकरीत इतकं नेमकं उत्तर त्यांनी ऐकलं नव्हतं.

पुढच्याच महिन्यात पत्र आलं. हा तास बाकीच्या शाळांतही सुरू करावा का, हे ठरवण्यासाठी वरच्या कार्यालयातून पाहुणे तास बघायला येणार होते. पसंत पडला तर इतर शिक्षकांना शिकवायचं काम बाईंकडे येणार होतं. मुख्याध्यापिकेला सगळी शाळा मोठ्या बाई म्हणत असे. त्यांनी वर्गाला नवे पडदे शिवायला टाकले, भिंती पुसून घेतल्या आणि बाईंना बाजूला घेतलं.

“एकदा तालीम करून घ्या. मुलं ऐनवेळी माती खातात.”

“मोठ्या बाई, तालीम केली तर तो तास कसला?”

“अहो, पाहुणे काय रोज येणार आहेत? एकच दिवस.”

बाईंनी दोन दिवस मनाशी हुज्जत घातली आणि तिसऱ्या दिवशी तालीम घेतली. एकदा नाही, दोन दिवसांत तीनदा. कुणी काय बोलायचं, कुणी कुणाचं खोडून काढायचं, कुणी मध्येच “मला नाही पटत” म्हणायचं, सगळं वाटून दिलं. बिस्किटाचं उदाहरण डॉक्टरांच्या मुलाला दिलं, कारण त्याचे उच्चार स्वच्छ होते. सुई कधी कुठे वळेल याचा नेम नव्हता, म्हणून तिला सांगितलं, “पाहुणे येतील तेव्हा तू नुसतं ऐक हं.”

सुईनं मान हलवली. आपलं बिस्किट दुसऱ्याच्या तोंडी गेलं याबद्दल तिनं चकार शब्द काढला नाही.

तास झकास झाला. डॉक्टरांच्या मुलानं बिस्किट असं सांगितलं की पाहुण्यांमधल्या चष्मेवाल्या बाई टाळी वाजवायच्या बेतात होत्या. शेवटी त्यांनी विचारलं, “हे सगळं मुलांना आत्ता, बसल्या बसल्या सुचलं?”

“हो तर,” बाई म्हणाल्या. “आम्ही आधी काहीच सांगत नाही.”

सुईचा हात वर गेला. बाईंनी न पाहिल्यासारखं केलं. चष्मेवाल्या बाईंनी मात्र पाहिलं. “बोल ना बाळ.”

“पण आपण हेच सोमवारी केलं. मग मंगळवारी दोनदा.”

मोठ्या बाई भिंतीला टेकून उभ्या होत्या, त्या सरळ झाल्या. पुढचं वाक्य बाई ठरवून बोलल्या नाहीत. ते त्यांच्या तोंडून निसटलं, आणि तेही हसत हसत.

“हिचं काही मनावर घेऊ नका. हिला गोष्टी रचायची सवय आहे.”

पाहुणे हसले. बाई हसल्या म्हणून मुलंही हसली. तालमीला हजर असलेली सगळीच्या सगळी मुलं हसली. सुई हसली नाही. तिनं एकदा बाईंकडे आणि एकदा शेजारच्या मैत्रिणीकडे पाहिलं, आणि आपलंच काही चुकलं असावं तसा हात हळूच मांडीवर ठेवला.

संध्याकाळी बाईंनी नवऱ्याला सगळं सांगितलं. तो वीजमंडळातून निवृत्त झालेला, सरळ स्वभावाचा माणूस. भाजी निवडता निवडता म्हणाला, “अगं, लहान पोरं ती. दोन दिवसांत विसरतात.”

“कशावरून विसरतात?” बाईंनी सवयीनं विचारलं. त्या उठून उगाचच घासलेली भांडी पुन्हा विसळत बसल्या.

चार दिवसांनी शिंपीदादा वर्गात आले. पडदे जमिनीला लोळत होते, ते आखूड करायचे होते. मधली सुट्टी होती. स्टुलावर चढून, ओठांत टाचण्या धरून ते काम करत होते. मग टाचण्या हातात घेऊन, पडद्याकडेच बघत त्यांनी विचारलं, “बाई, माझी पोरगी फार खोटं बोलते का हो?”

“कोण म्हणालं?”

“पोरं तिला थापाडी म्हणतात. बाईच म्हणाल्या, असं सांगतात. मी विचारलं तर म्हणते, मी खरं बोलले, बाईच खोटं बोलल्या. मग मात्र मला राग आवरला नाही. दोन लगावल्या. म्हटलं, बाईंना खोटं म्हणतेस? कधी हात उचलला नव्हता तिच्यावर.”

हीच ती वेळ होती. वर्गात दुसरं कुणी नव्हतं. बाईंनी तोंड उघडलंही. पण त्या एवढंच म्हणाल्या, “मारू नका तिला, दादा.”

“नाही मारणार. पण तुम्ही जरा सुधारा तिला. तुमचं ऐकते ती.”

शिंपीदादा गेल्यावर बाई खुर्चीत बसून राहिल्या. पहिल्यांदा निदान मी घाबरून बोलले होते, त्यांच्या मनात आलं, या वेळी समोर एक साधा माणूस होता आणि मी गप्प बसले. खोटं बोलायला तोंड उघडावंच लागतं असं नाही, हे त्यांच्या वर्गातल्या आठ वर्षांच्या मुलांना ठाऊक होतं. सुट्टी संपून मुलं आत आली. सुई नेहमीच्या जागी बसली. बाईंना तिच्याकडे मान वर करून बघवेना.

शाळा सुटल्यावर बाई दुकानात गेल्या. मशीन चालू होतं. गिऱ्हाईक उभं होतं. ते जाईपर्यंत थांबल्या असत्या तर त्या परत गेल्या असत्या, म्हणून त्या गिऱ्हाइकासमोरच म्हणाल्या, “दादा, तुमची मुलगी खरं बोलली. खोटं मी बोलले.”

शिंपीदादांनी मशीन थांबवलं. हातातली बाही बाजूला ठेवली. मग म्हणाले, “दुपारी तुम्ही तिथेच होता, बाई.”

“होते.”

“मग?”

शिंपीदादांनी पुन्हा मशीन सुरू केलं. ते ओरडले असते तर बरं झालं असतं, असं बाईंना वाटलं.

शुक्रवारी गोल बसल्यावर बाईंनी वर्गाला सांगितलं, “पाहुण्यांना मी खोटं सांगितलं. आपण तालीम केली होती. ही खरं बोलली, आणि मी तिलाच खोटं पाडलं.” मग एकीनं विचारलं, “बाई, आम्हाला माहीत होतं, तरी आम्ही हसलो. मग आम्ही पण खोटं बोललो का?” त्यावर घंटा होईपर्यंत वर्ग बोलत राहिला. डॉक्टरांचा मुलगा रडवेला होऊन म्हणाला की बिस्किट त्याचं नव्हतं. इतका खरा तास बाईंनी आजवर घेतला नव्हता, आणि या विचाराचीही त्यांना लाज वाटली. सुई गोलात होती. ती त्या दिवशी बोलली नाही.

बाईंनी पाहुण्यांना पत्र लिहून खरं काय ते कळवलं. “स्वतःच्या पायावर धोंडा मारून घेताय, आणि शाळेच्याही,” मोठ्या बाई म्हणाल्या, पण त्यांनी पत्र अडवलं नाही. इतर शिक्षकांना शिकवायचं काम दुसऱ्याच शाळेतल्या कुणाकडे गेलं. बाईंचा शुक्रवारचा तास तेवढा चालू राहिला.

‘थापाडी’ हे नाव हळूहळू मागे पडलं. सुई डबा खाताना मैत्रिणींत हसायची, गृहपाठ वेळेवर आणायची, विचारलं तर उत्तर द्यायची. वर्ष संपेपर्यंत शुक्रवारच्या तासाला मात्र तिनं एकदाही हात वर केला नाही. बाईंनी एकदा तिला एकटीला गाठून माफी मागितली. “बरं, बाई,” ती म्हणाली, आणि जाऊ का, असं विचारलं.

पुढल्या वर्षी ती चौथीत गेली. एके दिवशी शिक्षकांच्या खोलीत चौथीचे गुरुजी कपाळाला हात लावून म्हणाले, “ती शिंप्याची मुलगी! प्रश्न विचारून विचारून जीव खाते. तुम्हीच बिघडवलंय तिला.” सगळे हसले. बाईंना फार आनंद झाला. लगेच त्यांच्या मनात आलं की यातला एकही प्रश्न तिनं आपल्याला विचारलेला नाही.

दुपारी त्या मुद्दाम चौथीच्या वर्गावरून गेल्या. आतून तिचाच आवाज येत होता, “पण गुरुजी, सगळ्यांना तसं वाटतं म्हणून ते बरोबर कसं?” बाई दाराशी थबकल्या. सुईचं लक्ष गेलं. तिचं वाक्य अर्ध्यावर तुटलं आणि ती खाली बघू लागली.

बाई झटकन पुढे निघाल्या. जिन्यापर्यंत पोचल्यावर त्या थांबल्या आणि कान देऊन उभ्या राहिल्या. थोड्या वेळानं तो बारीक आवाज पुन्हा सुरू झाला.